वरकस की वर्क्स

माझ्या कामात मातीला नाव द्यावं लागतं. भिवंडीच्या आसपास जिथे नवं गोदाम उभं राहणार असतं, तिथे आमची माणसं जमिनीत बोअर मारतात, वर आलेली माती पिशव्यांत भरून लॅबमध्ये आणतात आणि तिच्या चाचण्या झाल्या की मी अहवाल टाइप करते. पाणी पिऊन फुगणारी काळी चिकणमाती असेल तर ‘सीएच’. तिच्याखाली लागतो तो मुरूम. मुरूम इंग्रजी अहवालातही मुरूमच राहतो. माझं सगळं शिक्षण इंग्रजीत झालं, त्यामुळे हा शब्द मूळचा इंग्रजी असावा असं मला बरेच दिवस वाटत होतं. कुणाला विचारलं नाही म्हणून ते चाललं. मी सहसा विचारत नाही.

आईचे वडील वारले त्यानंतरची ही गोष्ट. दिघाशीला त्यांची जमीन होती. खाली भाताची खाचरं आणि त्यांच्या वरच्या अंगाला चढावर एक माळ. वारस म्हणून आईचं आणि मामाचं नाव लागलं होतं. आता आईने हक्कसोड करून द्यावी, म्हणजे बहिणीने आपला हिस्सा भावाला सोडल्याचं लिहून द्यावं, असं मामाच्या मनात होतं. आमच्याकडे बहुतेक बहिणी देतात. सही करून येतात, भाऊ साडी नेसवतो, जेवण होतं, आणि माहेर चालू राहतं. आईच्या दोन्ही मावश्यांनी असंच केलं होतं. आई नाही म्हणाली नव्हती. फक्त ‘बघू’ म्हणत होती, आणि आईच्या ‘बघू’ला किती दिवस लागतात ते आम्हाला घरी माहीत होतं.

मग मामाने तिच्या मोबाइलवर सातबाऱ्याचे फोटो पाठवले. सोबत आवाजात निरोप होता : “बाय, एकदा नजर टाक. तुझ्या पोरीकडून वाचून घे. मग सहीचा दिवस ठरवू.”

टेमघरच्या आमच्या खोलीत, ओट्याजवळ उभी राहून मी वाचलं. मराठी मला वाचता येतं, पण मी शब्दाचा आकार पाहून पुढे जाते, प्रत्येक अक्षरावर थांबत नाही. सातबाऱ्यावर जमिनीचे प्रकार एकाखाली एक दिलेले असतात : जिरायत, बागायत, तरी, वरकस. खाचरांच्या उताऱ्यावर ‘तरी’पुढे आकडा होता. माळाच्या उताऱ्यावर तो ‘वरकस’पुढे होता.

मी ते ‘वर्क्स’ असं वाचलं.

यात माझी एकटीची चूक होती असं मला अजून वाटत नाही. आमच्या घरापासून ऑफिसपर्यंत रस्त्याच्या दोन्ही बाजूंना पाट्या आहेत. सायझिंग वर्क्स, डाइंग वर्क्स, इंजिनिअरिंग वर्क्स. पाट्या रंगवणारे बहुतेक उत्तरेकडून आलेले. कुणी ‘वर्कस’ लिहितो, कुणी ‘वर्क्स’. बाबा ज्या सायझिंगमध्ये, म्हणजे सुताला खळ लावायच्या कारखान्यात, बॉयलरवर आहेत, तिच्या गेटवर तर स्वच्छ मोठ्या अक्षरांत ‘वरकस’ असंच आहे. लहानपणी बाबांचा डबा द्यायला जायचे तेव्हापासून मी ती पाटी वाचत आले. त्यामुळे सरकारी कागदावर तोच शब्द तसाच लिहिलेला दिसला, तेव्हा मला काहीच वेगळं वाटलं नाही.

“आई, माळावर कारखाना दाखवलाय.”

आईने गॅस बंद केला. “कसला कारखाना?”

“ते लिहिलं नाहीये. नुसतं वर्क्स.”

तिने हात पुसले आणि तिथेच उभ्या उभ्या मामाला फोन लावला. मामाशी बोलताना तिची भाषा एका क्षणात दिघाशीला जाते. माझ्याशी बोलते ती वेगळी आई असते.

“दादा, माळ इकलास?”

फोन स्पीकरवर होता. मामा म्हणाला, “कोन बोलला तुला?”

“सातबाऱ्यावर हाय. वर्क्स लिवलंय.”

मामा इतका मोठ्याने हसला की फोनचा आवाज फाटला. “आगो, वर्क्स न्हाय, वरकस! वरकस! तुझ्या मॅडमनी वाचला का? येवढी फी भरून हेच शिकवला काय शालेत?”

आईने माझ्याकडे पाहिलं. मी भांडी पुसायला घेतली.

“मग वरकस म्हंजे काय?”

“वरच्यावर कस, खाली कातल. म्हंजे फुकट जमीन. कुत्रा न्हाय इचारत तिला. तू नको टेन्शन घेऊ, सहीला ये.”

फोन ठेवल्यावर आईने पुन्हा गॅस पेटवला. कुकरची शिटी झाली. मग ती म्हणाली, “तो ‘नाही विकला’ असं नाही म्हणाला. ‘कोण बोललं’ असं विचारलं त्याने.”

माझ्याही ते लक्षात आलं होतं. मी बोलले नव्हते.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मी आपाला विचारलं. आपा आमच्या ऑफिसचा हिशेब बघते. इथल्या जुन्या कोकणी मुसलमान व्यापाऱ्यांच्या घरातली, माझ्याहून बरीच मोठी. मी ज्या थोड्या लोकांशी स्वतःहून बोलते त्यांत ती आहे, कारण ती उत्तर देताना माझ्याकडे बघत नाही, जेवत राहते. फोटोतले शब्द मी तिला एकेक करून वाचून दाखवले.

“जिरायत हमारा है,” ती म्हणाली. “ज़िराअत, खेती. बागायत, बाग़ से. तरी म्हणजे तर, गीला. ओली जमीन. पोटखराब में खराब तो तेरेकू मालूम है.”

“आणि वरकस?”

तिने घास थांबवला. “वरक़ बोले तो पन्ना. मिठाई पे चांदी का लगाते ना, वो भी वरक़. फुंक मारली की उडतो.” मग स्वतःच मान हलवली. “पण मग पुढचा ‘स’ कुठून आला? नाही बाई. बाकी सब हमारा, ये एकच तुमचं दिसतंय. तूच शोध.”

मला ते मजेशीर वाटलं. आमच्या शेताच्या कागदावरचे भारी जमिनींचे शब्द फारसी-अरबीतून आलेले, आणि हलक्या जमिनीचा तेवढा घरचा. पण आपाचा वरक़ मात्र मला आवडला होता. कातळावर पातळ मातीचा वर्ख. मामा म्हणत होता तेच, फक्त चांगल्या शब्दांत.

त्या आठवड्यात काम कमी होतं. मी एकटीच असले की वाचते, तसं वाचत बसले. कोशांत बहुतेक ठिकाणी एकच अर्थ होता : हलकी, डोंगरउताराची, नाचणी-वरीसारखं भरड धान्य पिकणारी जमीन. शब्द आला कुठून यावर कुणी पैज लावलेली नव्हती. ‘वर’ आणि ‘कस’ हे दोन तुकडे कुणालाही दिसतात. पण वर म्हणजे कुठे? कस फक्त वरच्या थरात, असं म्हणायचं, की ही जमीन गावाच्या वर आहे, असं? ‘कस’ हा शब्द तर माझ्यासाठी ‘कस लागणे’ यापुरताच होता, दहावीच्या मराठीत वाक्यात उपयोग करण्यापुरता. जमिनीलाही कस असतो हे मला ऑफिसात कुणी सांगितलं नव्हतं. आम्ही मातीवर किती भार टाकता येईल ते मोजतो. ती काय देईल ते मोजत नाही.

मग जुन्या जमीन कायद्यांच्या इंग्रजी मजकुरात मला वरकस सापडला. मुरूमसारखाच, भाषांतर न करता तसाच ठेवलेला. आणि तिथे त्याचा अर्थ कोशापेक्षा वेगळा होता. त्यात माती हलकी की भारी याबद्दल काही नव्हतं. भातशेतीसाठी ‘रॅब’ मिळवायला जी जमीन वापरतात ती, असा काहीसा अर्थ होता. म्हणजे मातीच्या वर्गाला नाव तिच्या गुणावरून दिलेलं नव्हतं, तिच्या कामावरून दिलेलं होतं. फक्त हा रॅब काय आहे ते मला कळेना.

घरी आल्यावर मी आईला विचारलं. “रॅब म्हणजे काय?”

“काय?”

“रॅब. भाताला लागतं. खतासारखं काहीतरी.”

आई भाजी निवडत होती. तिने मला शब्द पुन्हा म्हणायला लावला आणि मग कपाळावर हात मारला. “राब! रॅब काय रॅब? राब भाजतात तो!”

राब मलाही ऐकून माहीत होता, पण धुरासारखा, लांबून. त्या संध्याकाळी आईने मला तो पहिल्यांदा नीट सांगितला. भाताची रोपं जिथे करायची त्या तुकड्यावर उन्हाळ्यात आधी शेण पसरायचं, त्यावर झाडांच्या कोवळ्या फांद्या, त्यावर पालापाचोळा, मग गवत, आणि वरून माती. मग ते पेटवायचं. जमीन भाजून निघते, तण मरतं, राखेचं खत होतं. आणि या फांद्या, पाला, गवत सगळं यायचं माळावरून. नांगर पुरुषांचा, बैल पुरुषांचे. माळ बायकांचा आणि मुलींचा. लग्न होईपर्यंत आईने दर वर्षी भारे वाहिले होते. गवताच्या कुसळांनी मान सोलायची, त्यावर आजी खोबरेल लावायची.

“पण वरकस कुणी म्हणत नव्हतं,” ती म्हणाली. “आमच्यात माळ. नाहीतर नुसतं वर. ‘वर जाऊन ये.’ हा शब्द दादाने तलाठ्याकडून उचललाय.”

मी तिला कायद्यातला अर्थ सांगितला. तिने तो ऐकून घेतला, भाजीची ताटली उचलली आणि मग पाठमोरी म्हणाली, “मला माळ पाहिजे.”

“काय?”

“खाचरं राहू दे त्याला. साडी पण राहू दे. माळ मी वाहिलाय. तो सोडते असं मी लिहून देणार नाही.”

आईने स्वतःसाठी काही मागितल्याचं मी याआधी ऐकलं नव्हतं. मी म्हटलं, “सांग मग मामाला.”

दिघाशीला आम्ही रविवारी गेलो, आधी रिक्षा, मग सहा आसनी. वाटेत जिथे जिथे भात होतं तिथे तिथे आता गोदामांचे निळे पत्रे आहेत. मी आईला आणखी एक गोष्ट सांगितली, हळू आवाजात, कारण गाडीत दुसरी माणसं होती. शेताला जो माळ हलका, तो बांधकामाला सगळ्यात चांगला. खाचराची माती फुगते, तिच्यात पाया खोल न्यावा लागतो. माळावर हातभर माती, लगेच मुरूम, खाली कातळ. गोदामवाले अशीच जागा शोधत असतात. आमच्याकडे ज्या अहवालात खडक वरच लागतो, तो बघून मालक खूश होतो.

“म्हणजे कुत्रं विचारत नाही, पण गोदाम विचारतं,” आई म्हणाली.

मामा पडवीत बसला होता. मामीने पाणी आणलं. मामी नेहमी माझी बाजू घेते, म्हणजे मला बोलायला लावत नाही. चहा झाला, कुणाच्या पोराचं लग्न ठरलं ते झालं, मोटरसायकलच्या पंचरचं बोलून झालं. मग मामाने पिशवीतून कागद काढून पाटावर ठेवला आणि वर चष्मा ठेवला.

“माळ मला दे,” आई म्हणाली. “बाकी सगल्यावर सही करते.”

मामा हसला. “माल घेऊन काय करशील? वर्क्स काढशील?”

“ते माझं मी बगीन.”

“आगो, फुकट जमीन हाय ती. वरच्यावर कस. नांगर घातला तर फाल तुटल.”

“फुकट हाय ना? मग दे की फुकट.”

आतून मामीचा खोकल्यासारखा आवाज आला. मामाने तिकडे पाहिलं.

“तसा न्हाय होत. माझ्या बापाने कंदी दोन केली न्हाय ती. भाताच्या जोडीची हाय.”

“आत्ता फुकट होती. आत्ता भाताच्या जोडीची झाली?”

“दोनी हाय!” मामाचा आवाज चढला. मग तो माझ्याकडे वळला. मी उंबऱ्याशी बसले होते आणि इतका वेळ फरशीतली भेग बघत होते. “ही बसलीय ना तुझी इंग्लिश मॅडम. मातीच्या हापिसात जाते. इचार तिला, वरकस भाताच्या जोडीची असते का न्हाय ते. सांग गो. इंग्लिशमदी सांग, चालल.”

त्याने ते चेष्टेत म्हटलं होतं. मला काही माहीत असेल असं त्याला वाटत नव्हतं. पण मला माहीत होतं, आणि जे माहीत होतं ते त्याच्या बाजूचं होतं. आईला माळ एकटा हवा होता. माझ्या तोंडून गेलं असतं की वरकस म्हणजे नुसती हलकी जमीन, तर तो एकटा निघू शकला असता. निदान त्या पडवीत तरी. आई माझ्याकडे बघत नव्हती. ती तिच्या बांगड्या बघत होती.

“असते,” मी म्हटलं.

“काय?”

“भाताला जोडून असते. राबासाठी. जुन्या कायद्यात तसाच अर्थ दिलाय. भात आहे म्हणून वरकस आहे.” माझा आवाज मलाच लहान वाटला, म्हणून मी पुढचं जरा मोठ्याने म्हटलं. “वरकसशिवाय भाताची जमीन पुरी होत नाही.”

मामाने दोन्ही तळवे वर केले. “घे! तुझीच पोर बोलली. मी न्हाय बोललो.”

मी आईकडे पाहायचं टाळलं. मामीही दारात येऊन उभी राहिली होती, हातात झारा तसाच.

“बरोबर बोलली,” आई म्हणाली. “जोडीची हाय. तोडायची न्हाय.”

“मंग?”

“मंग जोडीनीच दे. माल आनि त्याच्या खालचं खाचर.”

समोरून एक कोंबडी पायरी चढली आणि परत उतरली. मामाचे तळवे अजून वरच होते. त्याला ते खाली घ्यायचं सुचलं नाही.

“खाचर?” तो म्हणाला. “तू आत्ता बोललीस, बाकी सगल्यावर सही करते.”

“बोलले व्हते. पन तू बोलतोस फुकट जमीन एकटी न्हाय देता येत. मग मी काय करू?”

“वन्सं बरोबर बोलतात,” मामी म्हणाली.

“तू आत जा. पोला करपल.”

“करपू दे. दोनदा येऊन गेला तो गोदामवाला, माल बगून गेला. तवा न्हाय बोललात फुकट हाय. तवा त्याला चा पाजलात माझ्या हातचा.”

त्यानंतर जे बोलणं झालं ते सगळं मला लिहायचं नाही. त्यात आजोबा आले, आईच्या लग्नात कुणी काय केलं ते आलं, बाबांची सायझिंगमधली नोकरीही आली. मामा म्हणाला की गोदामवाल्याला त्याने हो म्हटलंच नव्हतं, तो आपण होऊन आला होता. आई म्हणाली, तो आला नसता तर तू मला सहीला इतक्या घाईने बोलावलं नसतंस. मामा उठून गोठ्याच्या बाजूला गेला. गोठ्यात आता मोटरसायकल असते. आम्ही जेवलो, पण मामा जेवायला आला नाही. कागद पाटावर तसाच राहिला, सही न होता. परत निघताना मामीने पिशवीत तांदळाचे पोळे बांधून दिले.

सहा आसनीत मी आईला म्हटलं, “मी खोटं सांगायला पाहिजे होतं का?”

“कशाला?” ती म्हणाली. “तू खोटं सांगितलं असतंस तर नुसता माळच मिळाला असता.”

पण तेव्हा तर तोही मिळालेला नव्हता. पावसाळा गेला, दिवाळी गेली. भाऊबीजेला आई गेली, ओवाळून आली, जमिनीचं कुणी काढलं नाही. मामाने ओवाळणी नेहमीसारखीच घातली. मला वाटलं, संपलं. आई मात्र दर काही दिवसांनी कामात असताना मधेच म्हणायची, “सही तर मी केलेली नाही.” कुणाला उद्देशून नाही. नळाला पाणी आलंय असं म्हणावं तसं.

थंडीत एका रविवारी मामा टेमघरला आला, न कळवता. बाबा रात्रपाळी करून झोपले होते, म्हणून सगळे हळू बोलत होते. मामाला हळू बोलताना मी पहिल्यांदाच ऐकलं. तो बराच वेळ इकडचं तिकडचं बोलला. बाजूच्या लूमचा आवाज दिवसभर असतो का, असं विचारलं. मग पायांकडे बघत म्हणाला, “तुझी वहिनी बोलत न्हाय माझ्याशी. जेवाय वाडते, बोलत न्हाय.”

आईने चहाचा कप त्याच्याकडे सरकवला.

“माल घे. आनि त्याला लागून हाय ते लहान खाचर. मोठ्या दोनवर सही कर.”

“लहान म्हंजे उंबराकडचं?”

“तेच. पानी कमी राहतं त्यात.”

“म्हाईत हाय मला,” आई म्हणाली. “रोपं तिथंच करायचो आपन.”

एवढंच. मोजणी झाली, कागद झाले, आई आणि मामा दोघंही तालुक्याच्या ऑफिसात एकाच बाकावर बसून आले. आईच्या नावाचे दोन उतारे निघाले, एकावर तरी, एकावर वरकस. या वेळी मी शब्द अक्षर अक्षर वाचला. आपाला फोटो दाखवला तेव्हा तिने विचारलं, “फिर? क्या निकला उसका मतलब?” मी सांगितलं की नक्की कुणालाच माहीत नाही. कस वरवरचा, की कस वरून येणारा, दोन्ही बसतात. मामी तर म्हणते, वर वरी पिकायची म्हणून वरकस. आपा म्हणाली, “तीन-तीन मतलब, और जमीन एक.” आणि डबा उघडला.

उन्हाळ्यात आईने ठरवलं की राब भाजायचा. गावात आता बहुतेक कुणी भाजत नाही, युरियाची गोण आणतात. मी तिला हे सांगून पाहिलं. बाबांनीही सांगून पाहिलं. शेण दिघाशीत पुरेसं मिळेना, तर तिने आमच्याकडच्या एका तबेल्यातून गोण्या भरून घेतल्या. टेम्पोवाला आधी नाही म्हणाला, मग ताडपत्री घातल्यावर तयार झाला. माळावरून आम्ही दोघींनी आणि मामीने गवत आणि पाला उतरवला. आईची मान आता भारा घेत नाही, म्हणून साडीत बांधून ओढत आणला. मी हातमोजे घातले होते. मामीला त्याचं फार हसू आलं.

सकाळी लवकर, वारा कमी असताना पेटवायचा होता. थर रचून झाले होते. आईने काडी ओढली आणि वाकली, तेवढ्यात वरच्या बांधावरून आवाज आला.

“बाय! तिकरनं नको! वाऱ्याच्या अंगानी पेटवतेस काय? भरकन जलून जाईल, जमीन भाजनारच न्हाय!”

मामा हातात तांब्या घेऊन उभा होता. आईने काडी विझवली.

“वारा तिकरनं हाय,” ती ओरडली.

“तिकरनं न्हाय, इकरनं! धूर बग धूर, उंबराकडं जातो!”

“अजून पेटवलाच न्हाय, तर धूर कुठला बगू?”

मामाने तांब्या बांधावर ठेवला, लुंगी खोचली आणि खाली आला. त्याने चिमूटभर माती उचलून बोटांतून सोडली. ती सरळ खाली पडली. वारा मुळी नव्हताच. त्याने पुन्हा उचलली, पुन्हा सोडली. आईनेही उचलली. दोघं दोन कोपऱ्यांत उभे राहून माती सोडत होते आणि एकमेकांना दिशा सांगत होते, आणि पाण्याची बादली धरून माझा हात दुखायला लागला होता.

“काडी दे इकरं,” शेवटी मामा म्हणाला.

“न्हाय देत,” आई म्हणाली. “माझं खाचर हाय. तू नुसता सांग, कुठून पेटवू.”